धुकाईची पहिली फोड

धुकाईच्या, आमच्या धुक्याच्या देवीच्या, देवळाच्या पायरीवर या तोंडाला फडक्याचा दादरा बांधलेल्या बरण्या मांडल्यात ना, त्यांत काकड्या आहेत. मिठाच्या पाण्यात, शेपू घालून. शेपू म्हटल्यावर नाक मुरडलंत? मुरडा, मुरडा. आधी ऐकून तर घ्या.

फार पूर्वी या वाडीत भिवराई नावाची बाई होती, असं सांगतात. तिची सून मैना पोटुशी राहिली, पण पोटात अन्नाचा कण ठरेना. ठरायची ती फक्त काकडी. भादवा सरला, वेल पिवळे पडले, तसा भिवराईच्या जिवाला घोर लागला. काकडी संपली की सून जाणार, पोटातलं लेकरूही जाणार.

एका सकाळी धुकं इतकं दाट उतरलं की बाहेर पडता येईना, आणि चुलीपुढेच तिचा डोळा लागला. स्वप्नात म्हणे ओल्या केसांची एक बाई शेजारी शेपू निवडत बसली होती. म्हणाली, "काकड्यांना निजव गं. मीठ पाज, शेपू पांघर." भिवराई जागी झाली, तर मांडीवर शेपूची काडी.

घाटमाथ्यावर तेव्हा मीठ कुठलं मिळायला! घरात होतं नव्हतं तेवढं तिनं मडक्यात ओतलं आणि देवीला बोलली, "आई, माझ्या वाटचं मीठ हिला दिलं. दोन्ही जीव सुखरूप सुटू देत, जन्मभर अळणी खाईन." मग मडक्यातला खार चाखणार कशी? न चाखताच तिनं मडक्याचं तोंड बांधलं.

काकड्या निजल्या त्या थेट बाळंतपणापर्यंत पुरल्या. मैनाला मुलगी झाली. पुढच्या भादव्यात पुन्हा मडकं भरलं, भिवराई मात्र अळणीच जेवत राहिली. "आत्याबाई, एवढीशी फोड तरी घ्या," मैना रडून विनवायची. म्हातारी हसून ताट सरकवायची.

एकदा रांगत्या नातीनं चोखून लिबलिबीत केलेली फोड थेट आजीच्या तोंडात कोंबली. मैना हातातलं टाकून धावली. नवस मोडला! थुंकावी, तर लेकरानं भरवलेला घास. दारात धुकं येऊन उभं होतं म्हणे. भिवराईनं त्याच्याकडे पाहिलं, डोळे मिटले आणि फोड गिळली.

"तुझाच हात गं हा, आई," ती म्हणाली आणि ढसाढसा रडली. "अगं मैने, किती चव असते गं मिठाला!"

आजही काकडी घालणारी बाई त्या दिवशी अळणी जेवते, खार चाखत नाही. आणि बरणी उघडली की पहिली फोड घरातलं सगळ्यात धाकटं पोर सगळ्यात थोरल्या बाईला भरवतं. त्या बघा आमच्या पारूआजी. पणतू अजून खालच्या पायरीवर फोड चोखत बसलाय, आणि यांनी डोळे मिटून तोंड उघडलंसुद्धा.