सरनाईकांची पंगत

कोल्हापूरच्या शैला मेस्त्रींकडे त्यांच्या वडिलांनी चित्रित केलेली जुनी रिळं होती. सिनेमावाले मागायला येत. शैलाताई आधी नमुना पाठवायच्या आणि अट एकच घालायच्या: पडद्यावर बाबांचं नाव आलं पाहिजे.

निर्माते दिग्विजय सरनाईकांनी गावजेवणाच्या पंगतीचा नमुना मागवला आणि पुढं शैलाताईंचा फोनच उचलेनात. सिनेमाच्या पहिल्या खेळाला शैलाताई जाऊन बसल्या, तर पडद्यावर तीच पंगत, आणि नाव सरनाईकांच्या आजोबांचं!

खेळ संपताच त्यांनी भर सभागृहात जाब विचारला. सरनाईक मंचावर माइक हातात घेऊन हसले. "बाई, ही आमच्या गावची पंगत, आमच्या आजोबांनी टिपलेली. तुमची म्हणायला पुरावा काय?"

"पुरावा राहू दे. एवढंच सांगा, तुमच्या गावात झाडून सगळे डाव्या हातानं जेवतात का?"

"पुन्हा लावा ती पंगत!" कुणीतरी ओरडलं. लावली. म्हातारेकोतारे, बायाबापड्या, सगळे डाव्या हातानं भात कालवत होते. सभागृहात हशा पिकला.

"नमुना मी आरशातल्यासारखा उलटा करूनच पाठवते," शैलाताई म्हणाल्या. "चोराला घाई असते, तो जेवणाऱ्याचा हात बघत नाही. सरळ रीळ माझ्या कपाटात आहे."

सरनाईक घाम पुसत खाली आले. "ताई, आपण आत बसून मिटवू."

"आत कशाला? चोरी पडद्यावर केलीत, बाबांचं नावही पडद्यावरच लावा. आणि तेवढं तरी सरळ लावा!"