पळसबोडीच्या पाळीला वाक का आहे

पळसबोडीच्या तलावाची पाळ, म्हणजे मातीचा बांध, गावाकडून सरळ येते आणि मोहाच्या झाडापाशी एकाएकी पाण्याच्या अंगाला वळते. पुढे वळसा घेऊन पुन्हा आपल्या रेषेला लागते. पाहणाऱ्याला वाटते, बांधणाऱ्याचा हात चुकला असेल. पण ज्या कोहळी लोकांनी या भागात तलाव बांधले, त्यांचा हात असा चुकत नसे. वळणावर एक काळा सपाट दगड आहे. तो मधोमध थोडा खोलगट झाला आहे, माणसांच्या पायांनी.

तलाव पाहायला आलेले लोक या दगडाबद्दल विचारतात. गावातला म्हातारा झिबल आजा आधी त्यांना मोहाच्या सावलीत बसवतो आणि सांगून टाकतो, "मी काही पायलं नाई. माझ्या आजानं सांगितलं, आन् त्यानं बी पायलं नव्हतं. आता आयका."

फार मागे, गोंड राजांच्या काळात म्हणे, ही पाळ फुटली. भादवा सरत आला होता. धान पोटऱ्यात होते, लोंब्या अजून बाहेर पडायच्या होत्या. पहाटे कधीतरी मोहापाशी पाळीला भगदाड पडले आणि सगळा तलाव खालच्या बांध्यांत, म्हणजे धानाच्या शेतांत, उतरला. उजाडल्यावर लोक पाहतात तर धानाच्या जागी गाळ, आणि गाळात मासे तडफडताहेत. पारबताचा नवरा मंगरू रानडुकरांच्या राखणीला खालच्या शेतात माळ्यावर झोपला होता. तो दुपारी सापडला, पळसाच्या झुडपात अडकलेला.

पारबता रडली नाही असे सांगतात. ती फक्त विचारत राहिली, पाळ फुटली कशी?

तलावाची राखण उरकुडाकडे होती. धानाला पाणी सोडायचे तर तुडुमातली, म्हणजे तलावाच्या दगडी मोरीतली, लाकडी बुचे तो काढायचा आणि काम झाले की बसवायचा. रोज पहाटे पाळीवरून फेरी मारणेही त्याचेच काम. पाळ फुटली त्या दिवशी तो कोणाला दिसला नाही. उन्हे चढल्यावर जंगलाच्या बाजूने आला, पाय काट्यांनी ओरबाडलेले. कुठे होता, हे त्याने सांगितले नाही. खरे म्हणजे त्याला कोणी विचारलेही नाही.

विचारले नाही, पण बोलणे सुरू झाले. कोणी म्हणाले, आदल्या संध्याकाळी तो कुदळ घेऊन पाळीवर होता. कोणी म्हणाले, खालच्या चिचटोल्याच्या लोकांना पाणी हवे होते, त्यांनी त्याला काहीतरी दिले असणार. उरकुडा जवळून गेला की बोलणे थांबायचे, तो पुढे गेला की पुन्हा सुरू व्हायचे. त्याची बायको विहिरीवर आली की बाकीच्या बाया भरलेल्या घागरी उचलून निघायच्या.

पारबता सगळ्यांचे ऐकून घ्यायची. आपल्या दारात बसून ती उरकुडाच्या घरावर नजर ठेवू लागली. त्यांच्या चुलीचा धूर जास्त वेळ दिसला, तर आज काय शिजते आहे एवढे? दिसला नाही, तर धूर लपवून काय करताहेत? एकदा उरकुडाची बायको तिच्याकडे पेजेचा गडवा घेऊन आली. पारबताने तो ठेवून घेतला आणि ती गेल्यावर पेज कुत्र्यापुढे ओतली. संध्याकाळपर्यंत ती कुत्र्याकडे बघत बसली. कुत्रा मजेत शेपूट हलवत होता. तिला वाटले, आज नाही, उद्या घालेल.

गावात पाटील होता डोमाजी. त्याने चार म्हाताऱ्यांना बोलावून ठरवले की उरकुडाला पाण्याच्या हवाली करायचे. तेव्हाची रीत तशीच होती म्हणे. ज्याच्यावर संशय, त्याच्या कमरेला जात्याची तळी बांधून त्याला तलावात उतरवायचे. वर आला तर निर्दोष. पाळ फुटली तरी तुडुमापाशी खोल डोह उरला होता, तेवढा पुरेसा होता. पाटलाने पारबताला निरोप धाडला की सकाळी पाळीवर ये, तुझा न्याय होणार आहे, तुला काही बोलावे लागणार नाही.

निरोप ऐकून पारबताला बरे वाटले. तिने मंगरूचे धोतर घडी घालून ठेवले. मग घडी घालता घालताच तिच्या मनात आले, हा डोमाजी पाटील कोणाची शेळी कोणाच्या परसात शिरली एवढे भांडणसुद्धा उन्हाळाभर रेंगाळत ठेवतो. आज माणूस बुडवायचा आहे, तर त्याला एवढी घाई का? आणि मला बोलावे लागणार नाही, हे त्याने का ठरवले?

तोवर तिचा संशय एकाच घरावर होता. आता तो साऱ्या गावावर पसरला.

सकाळी सगळा गाव पाळीवर जमला. उरकुडा डोहाच्या काठाशी उभा होता, हात मागे बांधलेले, कमरेला दोर, दोराच्या टोकाला जाते. त्याची बायको गवतात बसली होती, तिच्या बाजूला कोणी नव्हते. पाटलाने हात वर केला, तशी पारबता पुढे झाली आणि दोरावर पाय देऊन उभी राहिली.

"हा बुडला तं मंगरू कसा मेला हे बी त्याच्यासंगं बुडन," ती म्हणाली. "मले आधी आयकाचं हाय."

पाटील समजुतीच्या आवाजात म्हणाला, "पोरी, आयकाचं काय त्यात? सारा गाव जाणते."

"जाणते तं सांगाव. पण याच्या पाठीमागं नाई, तोंडावर. आन् याचे हात सोडा. बांधलेला माणूस काय बी कबूल करन."

पाटील म्हाताऱ्यांकडे पाहू लागला. म्हातारे जमिनीकडे. जिचा नवरा गेला, तिलाच नाही म्हणायचे कसे, हा प्रश्न होता. शेवटी हात सोडले. दोर मात्र कमरेला राहू दिला.

तिथे भगदाडातून निघालेला एक काळा दगड पडला होता. पारबता म्हणाली, ज्याला सांगायचे त्याने यावर उभे राहावे. आणि मग ती जे बोलली, त्याच्यामुळेच ही गोष्ट आजवर सांगतात. तिचा आता कोणावरच भरवसा उरला नव्हता, म्हणून ती बोलली.

"दुसऱ्यानं काय केलं ते मागून. आधी आपण तिथं कायले होतो, ते सांगाव."

पहिला आला भिवा सुतार. त्याने सांगितले की उरकुडाला संध्याकाळी कुदळ घेऊन मोहापाशी आपण डोळ्यांनी पाहिले.

"आन् तू कायले गेला होता?" पारबताने विचारले.

"बैल धुंडाले."

"तुझा बैल तं पोळ्यापासून लंगडते. पाळीवर कसा चढला?"

लोक हसले. भिवा हसला नाही. तो उतरायला निघाला, तेव्हा पारबता दगडाच्या पुढे येऊन उभी राहिली. भिवाने एकदा पाटलाकडे पाहिले, एकदा पाण्याकडे, आणि पुटपुटला, "खेकडे."

आता हे बाहेरच्यांना सांगावे लागते. पाऊस ओसरला की पाळीतल्या बिळांत खेकडे असतात, मांसाने भरलेले. पाळीतले बीळ उकरायचे नाही, असा तलाव बांधणाऱ्यांचा सक्त नियम होता. बीळ उकरले की पाणी तिथून वाट धरते. पण एका बिळाने काय होते, असे प्रत्येकाला वाटायचे. चोरून जायचे, एक बीळ उकरायचे, वर गवत टाकून घरी यायचे. दुसराही कोणी येऊन जातो, हे कोणाला ठाऊक नव्हते, किंवा ठाऊक करून घ्यायचे नव्हते.

भिवानंतर जाई म्हातारी आली. ती वासरासाठी गवत कापायला गेली होती, असे तिने सांगितले. तिची सूनच खालून म्हणाली, "मामीजी, आपल्याकडं वासरू कुठं हाय?" म्हातारीने सुनेला शिव्या घातल्या आणि मग खेकड्यांचे कबूल केले. तिसरा आला, चौथा आला. उरकुडाला सगळ्यांनीच पाहिले होते. प्रत्येकाने मोहाच्या आडून पाहिले होते, हातात खुरपे किंवा पहार घेऊन. चिचटोल्याने उरकुडाला काय दिले, ते मात्र कोणीच पाहिले नव्हते. ज्याने ऐकले होते, त्याने दुसऱ्याकडून ऐकले होते, आणि दुसरा पहिल्याकडे बोट दाखवत होता.

मग पारबताने उरकुडाला दगडावर बोलावले. त्याला जाते उचलून चढावे लागले.

तो म्हणाला, कुदळ घेऊन मी बिळे बुजवत होतो. तुम्ही उकरायचे, मी बुजवायचे. पाटलांना दोनदा सांगितले. पाटील म्हणाले, बोभाटा करू नको. त्यांच्याही घरी खेकडे जात होते.

पाटील खाकरला. कोणी त्याच्याकडे पाहिले नाही, पण सगळ्यांच्या लक्षात आले.

"आन् फुटली तवा कुठं होता?" पारबता म्हणाली.

इथे उरकुडा खोटे बोलला असता तर खपून गेले असते, असे आजा सांगतो.

"झोपलो होतो, वयनी. माती वाहून अंग मोडलं होतं. पहाटची फेरी नाई मारली. आवाजानं उठलो, पाळ फुटलेली पायली आन् जंगलात पळालो. मंगरू खाली हाय हे मले ठावं होतं. मी आवाज बी नाई देला."

पारबताला हवे होते ते उत्तर मिळाले. सगळे आता तिच्या तोंडाकडे बघू लागले. ती म्हणेल तर दोर अजून कमरेलाच होता. पण त्याच वेळी पाटील, आपल्यावरची नजर फिरवावी म्हणून असेल, म्हणाला, "साऱ्यांनी सांगितलं. आता फिर्यादी बाईनं बी चढाव. रीत तिनंच काढली."

पारबता दगडावर चढली. तिने रोज विचारलेला प्रश्न तिच्यापाशीच परत आला होता, आणि त्याचा एक तुकडा पहिल्या दिवसापासून तिच्या घरातच होता.

"त्या सांजेले मंगरू मोहापाशी गेला होता," ती म्हणाली. "मीच धाडलं. म्हटलं, साऱ्यांच्या घरून वास येते, आपल्याच चुलीवर का नाई. त्यानं आणले, मी रस्सा केला. पोटभर जेवून तो राखणीले गेला."



ती उतरली आणि उरकुडाच्या कमरेचा दोर सोडू लागली. ओल्या दोराची गाठ सुटेना, तेव्हा उरकुडाची बायको गवतातून उठून आली आणि दोघींनी मिळून ती सोडली. शिक्षा काय, हे म्हाताऱ्यांनी पारबतालाच विचारले. ती म्हणाली, ज्याने ज्याने उकरले, त्याने माती वाहावी. उरकुडाने झोपल्याची शिक्षा म्हणून पहिली टोपली टाकावी आणि राखणही त्यानेच करावी, कारण आता तो झोपणार नाही. भगदाडाच्या जागी फार खोल खड्डा पडला होता, तो भरेना. म्हणून पाळ त्याला वळसा घालून बांधली. तोच हा वाक.

डोमाजी पाटील दगडावर चढला की नाही, याबद्दल दोन मते आहेत. काही म्हणतात चढला, काही म्हणतात त्याने माणूस लावून माती टाकली. त्यानंतर गावातला संशय संपला, असेही कोणी सांगत नाही. पारबता आणि उरकुडाची बायको एका विहिरीवर पाणी भरू लागल्या, एवढेच सांगतात. आणि जाते घरी गेले. त्यानंतर कोणाच्या कमरेला ते बांधले गेले नाही.

आजही पळसबोडीत कोणी कोणावर चोरीचा, मारहाणीचा आळ घेतला, तर तालुक्याच्या कोर्टात जायच्या आधी त्याला या दगडावर यावे लागते. ज्याच्यावर आळ आहे तो समोर उभा असतो, मोकळ्या हातांनी, आणि गाव खाली बसून ऐकतो. फिर्यादीने आधी आपले सांगायचे, मग दुसऱ्याचे. कितीतरी जण तावातावाने निघतात, पाळ अर्धी चढतात आणि काहीतरी आठवल्यासारखे करून परत फिरतात. का फिरले, असे त्यांना कोणी विचारत नाही. फक्त ते घरी पोचेपर्यंत सारा गाव त्यांच्या पाठीकडे बघत राहतो.