विरजणापुरते दही

एकदा एक गृहस्थ आपल्या वृद्ध गुरूंचा निरोप घ्यायला गेला. त्याचे गाव धरणाच्या पाण्याखाली गेले होते. पुढे तीन वस्त्या झाल्या, आणि आता चौथ्या वस्तीतूनही बिऱ्हाड हलवायचे त्याने ठरवले होते. छप्पर सगळीकडे मिळाले. मन कुठेच लागले नाही. माझे म्हणावे असे घर आता उरले आहे का, एवढेच त्याला विचारायचे होते.

गुरू म्हणाले, "आज तुझ्याकडे जेवतो."

गुरूंचा आहार चिमणीएवढा, हे सर्वांना ठाऊक. पण त्या दिवशी त्यांनी दही वाढून घेतले ते घेतलेच. विरजणापुरते उरले, तेही भातावर ओतून घेतले. हात धुता धुता गुरू म्हणाले, "उद्याही येईन. पण दही घरचेच हवे."

आता आली का पंचाईत! गृहस्थाने या वस्तीतल्या चार वर्षांत शेजारी चिमूटभर मीठही मागितले नव्हते. सारे गमावलेल्या माणसाला हात पसरणे जड जाते. तरी सायंकाळी तो वाटी घेऊन शेजारच्या दारात उभा राहिला. शेजारणीने विरजण दिले आणि ती म्हणाली, "भाऊ, तुम्ही कधी काही मागत नाही. आम्हांला वाटायचं, तुम्हांला इथं राहायचंच नाही."

तो खाली मान घालून परतला.

दुसऱ्या दिवशी पानावर घट्ट दही होते. गुरूंनी ते जेमतेम चाखले. "तुझे गाव बुडाले, हे दुःख खरे," ते म्हणाले. "पण तिथे तू चार घरी मागत होतास आणि चार माणसे तुझ्याकडे मागत होती. इथे तू कुणाचे काही घेतले नाहीस. मग तुझ्याकडे मागायला कुणी कोणत्या तोंडाने यावे?"

तेवढ्यात शेजारीण घाईघाईने दारात आली. लेकीचे दिवस भरले होते, बाळंतपणासाठी तिच्याकडे लगेच निघायचे होते. घराची किल्ली त्याच्या हातावर ठेवत ती म्हणाली, "चार दिवस गाईला पाणी दाखवा, भाऊ." तो हो म्हणेपर्यंत ती वळलीही होती.

सामान न्यायला टेम्पो दुसऱ्या दिवशी येणार होता. त्याने तो नको म्हणून कळवले, आणि बादली घेऊन शेजारच्या गोठ्याकडे गेला.