रापणीचा वाटा

"म्हणजे माणसा कमी झाली ता बरा झाला, असा म्हणतस?" बुवांनी विचारलं.

"मी नाही, आकडे म्हणतात," दिगंबर मेथर म्हणाला.

धाकूबुवा गावच्या रापणीचे म्होरके. चाळीस वर्षं सकाळी जाळं आणि संध्याकाळी भजन. दिगंबरला तबला आणि पाढे त्यांनीच शिकवले होते. आता तो नियोजन खात्यात मोठा साहेब होता, आणि गावची शाळा राहणार की जाणार हे त्याच्या अहवालावर ठरणार होतं. साहेब झाल्यापासून त्याला मालवणी समजायची, बोलता तेवढी यायची नाही.

"वीस वर्षांत गाव निम्मं झालं. पण दर माणशी उत्पन्न दुप्पट. रापणीचंच बघा ना. पूर्वी चाळीस वाटे पडायचे, आता अठरा. प्रत्येकाच्या टोपलीत जास्त मासे."

"आणि शाळा?"

"नऊ मुलांसाठी कशाला? बंद झाली की ती कुटुंबं शहरात जातील. त्यांचंही भलं, उरलेल्यांचंही."

बुवांनी समुद्राकडे बोट केलं.

समोर रापण लागली होती. होडीने पाण्यात जाळ्याचा अर्धगोल टाकला होता आणि त्याचे दोन दोर किनाऱ्यावरून अठरा माणसं ओढत होती. निम्मी साठीच्या पुढची. इथली रीत अशी की जो दोराला हात लावेल त्याला वाटा, मग तो म्हातारा असो की पोर कडेवर घेतलेली बाई.

"चल, दोराक लाग," बुवा म्हणाले आणि स्वतःही लागले.

दिगंबरने बूट काढले, बाह्या सारल्या. अर्ध्या तासात त्याचे तळहात सोलून निघाले. जाळं मात्र हात हात जवळ येत होतं.

"दमलंस?"

"नाही." हे काही खरं नव्हतं.

बुवांनी दोर सोडला. मग दोन्ही दोरांवरच्यांना म्हणाले, "सोडा रे."

"बुवा, मासो जातलो," दोर ओढणारी शेवंती म्हणाली. तिच्या घरात आज शिजायला दुसरं काही नव्हतं.

"जावंदे."

एकेकाने नाइलाजाने हात काढले. दोराला हिसका बसला. दिगंबर गुडघ्यांवर पडला आणि फरफटत पाण्यात गेला, पण दोर त्याने सोडला नाही.

"बुवा… एकट्यान कसा ओडू?" त्याच्या तोंडून मालवणीच आली.

बुवा वाळूत मांडी घालून बसले.

"ओड, दिगू. आता सगळो वाटो तुझोच."