धुरपाईच्या मातीच्या भाकरी

फार वर्षांपूर्वीची गोष्ट. किती, ते विचारू नका; सांगणाऱ्यांनीही कधी विचारलं नाही. नदीकाठचं आडवळ नावाचं गाव पुरात वाहून गेलं होतं आणि वाचलेली माणसं कोसभर अलीकडे, सपाट काळ्या रानात येऊन राहिली होती.

जागा निवडताना आपण मोठं शहाणपण केलं, असंच साऱ्यांना वाटत होतं. काळी माती म्हणजे मूठभर जोंधळा टाकावा आणि पोतंभर न्यावा. जी पोट भरते ती घरही सांभाळेल, असं ते धरून चालले आणि इथंच गाव फसलं. पावसाळ्यात ती जमीन पाणी पिऊन फुगायची आणि चैत्रात अशी भेगाळायची की भेगेत पडलेली पळी पुन्हा हाती लागायची नाही. भिंती दर वर्षी या अंगाला नाहीतर त्या अंगाला कलायच्या. गावानं भिंती जाड केल्या, कोंबडं कापलं, बकरं कापलं. देवानं सगळं गोड मानून घेतलं, भिंती मात्र सरळ झाल्या नाहीत.

सातव्या वर्षी उन्हाळ्यात म्हाळोजी पाटलांनी पारावर गाव गोळा केलं.

"ही भुई आपल्याला ठिवून घेत न्हाई," पाटील म्हणाले. "एखाद्या पावसात लेकरंबाळं भिंतीखाली जातील. त्यापरीस ज्यानं त्यानं आपापल्या सोयऱ्यांकडं जावं. गाव मोडलं म्हणा."

मग कुणी मामाचं गाव काढलं, कुणी मेव्हण्याचं. धुरपा कुंभारणीला तेवढं काढायला गाव नव्हतं. तिचा नवरा आणि एकुलता लेक पुरात गेले होते, माहेरी दिवा लावायलाही कुणी उरलं नव्हतं. शेजारीण काशीबाईनं सहज विचारलं, "धुरपाबाई, तुमी कुणाकडं जाणार?" आणि धुरपा उठून घराकडं चालू लागली. तिचं जे काही होतं ते हे गावच. ते मोडलं की ती कुणाचीच नव्हती. फार भ्याली बिचारी.

घरी येऊन ती चाकापाशी बसली. समोर मातीचा ढीग होता, त्यात राख आणि लीद कालवलेली होती. नुसत्या चिकणमातीचं मडकं वाळतानाच तडकतं, म्हणून कुंभार तिच्यात हे कालवतो. हे तर ती न्हाण येण्याआधीपासून जाणत होती. मग गाव कशावर उभं केलं होतं? नुसत्या चिकणमातीवर. सात वर्षं याच मातीत मडकी घडवली आणि एवढं कळलं नाही, म्हणून धुरपानं कपाळावर हात मारून घेतला.

ती तशीच पाटलांच्या दारात गेली.

"पाटील, मला पंधरा दिस द्या."

"पंधरा दिसांत काय करशील गं?"

"भाकरी थापीन."

दुःखानं म्हातारीचं डोकं फिरलं, असं पाटलांना वाटलं. पण नाही म्हणायला त्यांची जीभ रेटली नाही.

दुसऱ्या दिवसापासून धुरपा शिवारभर हिंडू लागली. असं म्हणतात, तिनं चाळीस रानांची माती जिभेवर ठेवून पाहिली आणि चव घेऊन सांगितलं, की इथं हरभरा, इथं कापूस, इथं काहीच नको. असं म्हणतात, ती भुईला कान लावून निजायची आणि भुई तिच्याशी बोलायची. काहीजण म्हणतात, गुडघे दुखायचे म्हणून ती निजायची. तेही खरं असेल. प्रत्येक रानाची माती तिनं पाण्यात मळली, तिची भाकरी थापली आणि पारावर उन्हात ओळीनं मांडली.

गावाला तेवढंच हसायला झालं. "धुरपाबाई, कालवण काय केलंय?" असं येता-जाता विचारायचे.

"हसा," ती म्हणायची. "दात हायेत तंवर हसा."

ऊन तापलं. काळ्या रानाच्या भाकरी आक्रसल्या, तडकल्या आणि त्यांचे तुकडे तुकडे झाले. गाव ज्या जागेवर होतं तिथल्या भाकरीचे तर सगळ्यांत जास्त. हसणारे वाकून ते तुकडे पाहू लागले. एकच भाकरी अखंड राहिली. ती उत्तरेच्या उजाड माळावरची होती, मुरमाड आणि पांढुरकी.

"त्या माळावर कुसळ उगवत न्हाई," पाटील म्हणाले. "तिथं माणूस कसा ऱ्हाईल?"

"उगवायला काळी हाय की, पाटील. तिच्यात पेरा. घर पेरायचं नसतं, टेकवायचं असतं."

बायका मात्र चिडल्या, आणि उगीच नाही. विहीर खाली होती; एवढा चढ चढून पाणी कुणी भरायचं? काशीबाईनं तोंडावर विचारलं. धुरपा म्हणाली, "बाई, पडकी भिंत उचलण्यापरीस घागर हलकी." तरी कुणी हललं नाही. तेव्हा तिनं एकटीनंच माळावर चार भिंतींची एक खोली उभी केली.

आषाढात झड लागली. नऊ दिवस सूर्य दिसला नाही. सातव्या दिवशी सकाळी पाटलांच्या घराची भिंत कुरकुरली आणि साऱ्या गावानं पोरंबाळं, गुरंढोरं, बोचकी घेऊन माळाची वाट धरली. धुरपा दारातच उभी होती. "आत या," एवढंच ती म्हणत राहिली.

आणि असं म्हणतात, त्या एका खोलीत सगळं गाव मावलं. माणसं येत राहिली आणि जागा होत राहिली. शेवटी पाटील आले, तर त्यांनाही पाय पसरायला जागा होती. नवव्या दिवशी खालची घरं एकापाठोपाठ एक बसली, रिकामी. पाटलांनी माणसं मोजली, पुन्हा मोजली. एकही कमी नव्हतं. एवढा मोठा माणूस, पण भिंतीला टेकून पोरासारखा रडला. धुरपाही रडली, पण ती हसत हसत.

गाव माळावर गेलं ते आजही तिथंच आहे. काळीत कुणी घर बांधत नाही, पांढरीवर कुणी नांगर धरत नाही. धुरपाचं पुढं काय झालं, यावर एकमत नाही. असं म्हणतात, ती मेलीच नाही, एका दुपारी माळाच्या मातीत मिसळून गेली.

घर बांधण्याआधी आडवळात अजूनही त्या जागेच्या मातीची भाकरी थापून उन्हात ठेवतात. ती तडकली, तर पैसेवाला असो की पाटील, पाया खणत नाही. आणि घर उभं राहिलं की घरधनी आधी आत जात नाही. गावात ज्याला कुणी सोयरं नाही, अशा माणसाला शोधून, हाताला धरून आणतात. तो आधी उंबरा ओलांडतो. घरातली माणसं बाहेर अंगणात उभी राहतात आणि तो आतून त्यांना म्हणतो, "आत या."