नव्या पिढीची पॅकेजं

कासारसांगव गावात शिदगोंडा नावाचा एक भोळा माणूस राहायचा. गाव त्याला शिदू म्हणायचं. वय बत्तीस. संगणकाचा डिप्लोमा पहिल्या वर्गात पास. शिदूला काम सांगितलं की तो करायचाच. सांगितलं तेवढंच करायचा आणि सांगितलं तसंच करायचा. लग्नासाठी पाहुणे बघायला आले, तेव्हा आईनं त्याला बजावलं होतं की फार बोलू नकोस. पाहुण्यांनी नाव विचारलं. शिदूनं तेही सांगितलं नाही.

गावात तालुक्याच्या दूध संघाचं मोठं ऑफिस होतं. तिथल्या संगणक विभागात शिदू नोकरीला होता. विभागात माणसं दोनच. एक शिदू आणि दुसऱ्या त्याच्या साहेब, वृषाली इंगवले मॅडम. संघाची चौसष्ट गावांत दूध केंद्रं होती. प्रत्येक केंद्रावर एक संगणक होता. दुधाचं वजन घ्यायचं, फॅट मोजायचं, पावती काढायची, हे सगळं तो करायचा. या संगणकांची सगळी प्रणाली संघानंच जुळवलेली होती, तीही मराठीतून. प्रणालीचे वेगवेगळे भाग असतात, त्यांना पॅकेजं म्हणतात. शिदू ती ऑफिसात बांधायचा आणि मुख्य संगणकावर ठेवायचा. सकाळी केंद्रं उघडली की तिथले संगणक ती आपणहून ओढून घ्यायचे.

त्या वर्षी संघानं चाळीस नवे संगणक आणले. चोवीस केंद्रांवर जुनेच राहिले.

मॅडमनी शिदूला बसवून समजावलं. प्रोसेसर म्हणजे संगणकाचा मेंदू. त्याच्या पिढ्या असतात. आपले जुने संगणक तिसऱ्या नाहीतर चौथ्या पिढीतले आहेत, नवे बाराव्या पिढीतले. नव्यांना खूप जास्त सूचना कळतात. पण आपण पॅकेजं अजून जुन्यांच्या बेतानं बांधतो, म्हणून नव्यांची ताकद नुसती पडून राहते. तर यापुढे पॅकेजं नव्या पिढीसाठी बांध.

"बरं मॅडम," शिदू म्हणाला, आणि त्यानं ते डोक्यात पक्कं बसवलं.

आठवडाभर खपून त्यानं सगळी पॅकेजं नव्या पिढीसाठी बांधली. सगळी म्हणजे सगळी. जुन्या पिढीसाठी एकही ठेवलं नाही. ठेव असं कुणी म्हणालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी चाळीस केंद्रं वाऱ्यासारखी पळाली. चोवीस केंद्रं बंद पडली. जुन्या मेंदूला न कळणारी सूचना आली की संगणक तसं लिहून थांबतो. इथं सगळं मराठीत असल्यामुळे पडद्यावर आलं, 'बेकायदेशीर सूचना. काम थांबवले आहे.' बोरजाळीच्या केंद्रावर हौसाबाई ढवण सचिव होत्या. त्यांनी चष्मा लावून ते मोठ्यानं वाचलं. रांगेतल्या लोकांना त्यातला बेकायदेशीर हा एकच शब्द ऐकू आला. दहा मिनिटांत गावात बातमी झाली की सरकारनं म्हशीच्या दुधावर बंदी घातली. लोकांनी किटल्या उचलल्या आणि कडब्याच्या गंजीत लपवल्या. टँकर बोरजाळीहून रिकामा परतला.

मॅडमनी शिदूला बोलावलं. आवाज चढवला नाही. म्हणाल्या, "शिदू, काहीही देताना आधी विचारायचं, समोरचा कुठल्या पिढीचा. नवा असेल तर त्याला नवं द्यायचं. जुना असेल तर जुनं."

"बरं मॅडम," शिदू म्हणाला, आणि तेही डोक्यात पक्कं बसवलं.

दोन दिवसांनी संघाच्या तपासणीला बाहेरगावाहून दोन साहेब आले. एक निवृत्तीला टेकलेले, दुसरे नुकते नोकरीला लागलेले. मॅडम बंद पडलेल्या केंद्रांचा घोळ निस्तरण्यात अडकल्या होत्या. त्यांनी शिदूला सांगितलं की पाहुण्यांना संघाचं श्रीखंड दे. शिदूनं दोन वाट्या घेतल्या आणि पाहुण्यांपुढे जाऊन उभा राहिला. त्यानं थोरल्या साहेबांना विचारलं, तुम्ही कुठल्या पिढीचे. साहेबांना कौतुक वाटलं. ते म्हणाले, आम्ही जुन्या पिढीचे हो, आमच्या वेळी गोष्टीच वेगळ्या होत्या. धाकटे साहेब लाजत म्हणाले की मी आपला नव्या पिढीचा.

शिदूनं नव्या साहेबांना त्या सकाळचं श्रीखंड दिलं. जुन्यासाठी मात्र त्याला बरीच शोधाशोध करावी लागली. शेवटी शीतगृहाच्या तळाशी नमुना म्हणून ठेवलेला मागच्या पाडव्याचा डबा सापडला. थोरले साहेब भिडस्त होते. चव वेगळी लागली, तरी यजमानांना वाईट वाटू नये म्हणून त्यांनी वाटी चाटून पुसून संपवली.

पुढचे तीन तास साहेब संघाच्या मागच्या बाजूला असलेल्या संडासात होते. तपासणी झालीच नाही. जाताना त्यांनी न बघताच 'कामकाज उत्तम' असा शेरा मारला आणि गाडी जोरात हाकायला सांगितलं. संघाला गेल्या अकरा वर्षांत असा शेरा मिळाला नव्हता. शिदूची नोकरी राहिली ती त्यामुळे.

मॅडमनी मात्र त्याला पुन्हा बोलावलं. "माणसांना पिढी विचारत जाऊ नकोस. सगळ्यांना एकच द्यायचं. जो सगळ्यात अशक्त असेल, त्यालाही पचेल असं."

"बरं मॅडम," शिदू म्हणाला. यावेळी त्याला जरा हायसं वाटलं. पिढ्या लक्षात ठेवणं त्याला जडच जात होतं.

तो परत जाऊन पॅकेजं बांधायला बसला. आता सगळ्यांना एकच द्यायचं होतं, आणि सगळ्यात अशक्ताला पचेल असं. म्हणून तो आधी सगळ्यात अशक्त संगणक शोधायला निघाला. चौसष्ट केंद्रांवर त्याला मनासारखा अशक्त मिळेना. शेवटी संघाच्या अडगळीच्या खोलीत, पत्र्याच्या डब्यांखाली एक सापडला. शिदू शाळेत असताना तो संघात आला होता. त्याला माऊस लावायलासुद्धा जागा नव्हती. शिदूनं त्याच्यावरची धूळ पुसली आणि त्याला पचतील अशी सगळी पॅकेजं बांधली.

ती केंद्रांवर पोचली त्या सकाळी एकही केंद्र बंद पडलं नाही. सगळी चालली. एका किटलीला नऊ मिनिटं लागली. बोरजाळीची रांग शाळेला वळसा घालून ओढ्यापर्यंत गेली. लोकांनी किटल्या रांगेत ठेवल्या आणि घरी जाऊन जेवून आले. दुपारपर्यंत रांगेतल्या अर्ध्या दुधाचं दही झालं. हौसाबाईंनी ते तसंच यंत्राला लावलं. यंत्रानं विचार करून त्याचंही फॅट सांगितलं.

संघाचे अध्यक्ष हंबीरराव भडकले. त्यांनी मॅडमना बोलावून सांगितलं की आता अजून एक गोंधळ झाला तर विभागाला कुलूप लावीन, दोघांनी घरी जायचं. मॅडमना घरी म्हातारे सासूसासरे होते आणि ही नोकरी त्यांनी तेरा वर्षं नेटानं केली होती. शिदूच्या जागी दुसरा माणूस मागायला त्यांना कुणी अडवलं नसतं. पण त्यांनी तसं केलं नाही. त्यांच्या मते शिदू खोटं बोलत नव्हता आणि काम टाळत नव्हता, आणि संघात असं माणूस दुसरं नव्हतं.

त्या स्वतः चार दिवस शिदूशेजारी बसल्या. दोघांनी प्रत्येक पॅकेज दोनदा बांधलं, एक जुन्यांसाठी, एक नव्यांसाठी. संगणकानं आपली पिढी आपणच ओळखायची आणि आपला संच उचलायचा, अशी सोय केली. पाचव्या दिवशी चौसष्टच्या चौसष्ट केंद्रं नीट चालली. नवी पळाली, जुनी आपल्या चालीनं चालली. शिदू इतका खूश झाला की त्यानं मॅडमना घरचे शेंगदाण्याचे लाडू आणून दिले. ताजे.

फक्त आता काम दुप्पट झालं होतं. म्हणून मॅडमनी ठरवलं की संघाच्या वार्षिक सभेत ठराव मांडायचा. तिसऱ्या आणि चौथ्या पिढीचे चोवीस संगणक मोडीत काढून तिथं नवे बसवायचे, म्हणजे जुनी पॅकेजं बांधायची कटकटच संपेल. अध्यक्षांनी न वाचता होकार दिला. शिदूनं माहितीचा कागद लिहून आणला.

पण सभेच्या आदल्या दिवशी मॅडमचा घसा बसला. आवाजच फुटेना. कागद शिदूनंच वाचायचा असं ठरलं. मॅडमनी तो चाळला आणि घोगऱ्या आवाजात त्याला तीन गोष्टी सांगितल्या. यात संगणकाचे शब्द फार आहेत, सभासदांना कळायचे नाहीत, तेवढे सगळे काढून टाक. वाचताना कुणी काही म्हणालं तरी मध्ये थांबू नकोस. आणि ठराव मंजूर झाला की लगेच भंगारवाल्याला कागद देऊन सकाळीच काम उरकायला सांग, तोंडी काही बोलू नकोस, तुझ्या तोंडी बोलण्याचे घोटाळे होतात.

"बरं मॅडम," शिदू म्हणाला. घरी जाऊन त्यानं लाल पेन घेतलं. जिथं जिथं संगणक लिहिलं होतं तिथं काट मारली. प्रोसेसरवर काट मारली. पॅकेजवर मारली. राहिलेली वाक्यं वाचताना अडखळायला होत होतं, म्हणून ती आपल्या वाणीनं सरळ करून स्वच्छ अक्षरात पुन्हा उतरवली. कागद निम्मा झाला. शिदूला तो फारच सोपा वाटला.

सभेला मांडव भरला होता. पुढच्या तीन रांगांत अध्यक्षांची माणसं बसली होती. त्यांना एकच काम असायचं. ठराव हा शब्द ऐकू आला की 'मंजूर, मंजूर' म्हणायचं. सूत्रसंचालकानं स्वागत केलं. संघ आजोबांनी काढला, वडिलांनी वाढवला आणि आज तिसरी पिढी, म्हणजे आपले हंबीरराव, त्याची धुरा वाहत आहेत, असं तो म्हणाला. चौथी पिढीही तयार आहे, असं सांगून त्यानं त्यांच्या चिरंजीवांना, यशोधनदादांना, हार घातला. मग मागून कुणीतरी उठून पशुखाद्याबद्दल सूचना मांडू लागला. अध्यक्षांनी ती सूचना नियमबाह्य ठरवली आणि त्याला खाली बसवलं.

पुढचा विषय शिदूचा होता. अध्यक्षांना फोन आला होता. ते तोंडावर हात धरून बोलत राहिले. शिदू माइकपुढे उभा राहिला आणि कागद वाचू लागला.

"सभासद बंधूभगिनींनो, संघात अजून तिसरी पिढी बसून आहे. तिला सुरू व्हायलाच पाऊण तास लागतो. जरा काम सांगितलं की तापते. सारखा पंखा लागतो. वीज इतरांच्या दुप्पट खाते. नवी सूचना केली की बेकायदेशीर म्हणते आणि काम बंद पाडते."

मागच्या रांगा उभ्या राहिल्या. मॅडम व्यासपीठावर होत्या. त्यांनी ओरडायला तोंड उघडलं, पण नुसती हवा आली. त्यांनी दोन्ही हात हलवले. शिदूनं पाहिलं. मध्ये थांबायचं नाही हे त्याच्या लक्षात होतं. त्यानं आवाज वाढवला.

"आजवर आपण सगळ्यांना हिच्याच बेतानं चालवलं. त्यामुळे नव्यांची ताकद वाया गेली. चौथ्या पिढीवरही भरवसा ठेवू नये. ती दिसायला नवी आहे, पण आत सगळं तिसरीचंच आहे, नुसतं खोकं बदललंय. दोघींसाठी आपल्याला प्रत्येक काम दोनदा करावं लागतं. सबब ठराव असा, की तिसरी आणि चौथी पिढी संघातून कायमची काढून भंगारात द्यावी."

पुढच्या तीन रांगांनी ठराव हा शब्द ऐकला. "मंजूर, मंजूर," त्या म्हणाल्या. त्यांच्यामागे सगळा मांडव उठला. एवढा आवाज संघाच्या सभेत कधी झाला नव्हता. लोक टोप्या उडवत होते. फोनवरच्या हंबीररावांनी मान वर करून पाहिलं, फोन ठेवला, आणि हात जोडून सभासदांचे आभार मानले. ठराव एकमतानं मंजूर केल्याबद्दल मी आणि यशोधन तुमचे आजन्म ऋणी राहू, असं ते म्हणाले.

शिदू मांडवातून निघाला तो सरळ दस्तगीर भंगारवाल्याकडे गेला. त्यानं खाली 'सकाळीच उरकणे' असं लिहून कागद त्याच्या हातात दिला. दस्तगीरनं विचारलं की माल कुठं आहे. शिदूनं तोंडावर बोट ठेवलं. तोंडी बोलायचं नव्हतं.

दस्तगीरनं कागद दोनदा वाचला. सकाळी सात वाजता तो टेम्पो घेऊन निघाला. चौकात थांबून त्यानं चहा पिणाऱ्यांना विचारलं, संघातली तिसरी न् चौथी पिढी कुठं ठेवली आहे. सगळ्यांनी एकच रस्ता दाखवला. दोघंतिघं तर उचलायला मदत म्हणून टेम्पोतच बसले.

हंबीरराव बनियनवर अंगणात उभे राहून ब्रश करत होते. यशोधनदादा झोपाळ्यावर होते. टेम्पो फाटकातून आत शिरला. दस्तगीर खाली उतरला, त्यानं कागदावरचा ठराव पुन्हा पाहिला, बापलेकांना एकदा खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि अदबीनं विचारलं,

"साहेब, वजन इथंच करायचं, का काट्यावर नेऊन?"