आभाळातला धूर

एक होता राजा. शूरबिर काही नव्हता बरं का, आधीच सांगून ठेवते. नान्या, पाय आत घे, गोष्टीत अंधार येणार आहे. बकुळ, तू भिंतीकडं सरक.

तर एकदा काय झालं, संध्याकाळी डोंगरावरच्या आभाळात एक डाग दिसला. नखाएवढा, राखाडी. लोक म्हणाले, ढग असेल. पण वारा सुटला तरी तो जागचा हलेना. मग तो तळहाताएवढा झाला. मग सुपाएवढा. आणि त्याच्या भोवतालच्या चांदण्या एकेक करून दिसेनाशा झाल्या. मग मात्र लोक राजाकडं धावले. राजाचे जोशीबुवा म्हणाले, वर चिता पेटलीय. आभाळाच्या घरी कुणीतरी गेलं, त्याचा हा धूर.

मग राजानं सगळ्या राज्याला सुतक पाळायला लावलं. सुतक म्हणजे घरात कुणी गेलं की पाळतात ते. शिवाय दवंडी पिटली की कुणी विस्तव पेटवायचा नाही. चूल नाही, दिवा नाही, शेकोटी नाही. उजेड दिसला तर तो धूर खाली उतरेल आणि माणसं नेईल म्हणे. शिपाई पाण्याच्या घागरी घेऊन दारोदार फिरायचे. गारगोट्यासुद्धा गोळा करून नेल्या त्यांनी. आणि राजा स्वतः पलंगाखाली जाऊन बसला.

दिवस कसले, तर कडाक्याच्या थंडीचे. लोक भिजवलेले हरभरे चावत अंधारात बसायचे.

त्या गावात होती सगुणा, कुंभाराची सून. नवरा फौजेत, लांब मुलखात. घरात ती आणि सासू. त्यातच ती बाळंत झाली. मुलगी झाली, इवलीशी. आता बाळंतिणीच्या खोलीत काय असतं? शेगडी असते, ओव्याची धुरी असते. इथं तर ठिणगी पाडायची चोरी. पोर गार पडायला लागली. आधी तळपाय गार झाले. मग ओठ निळे पडले. मग तिनं रडायचंच सोडलं. सगुणानं तिला छातीशी धरलं, पण तिची स्वतःची ऊब ती केवढीशी? शेजारणीकडं विस्तव मागायला गेली, तर शेजारणीनं रडत रडत दार लावून घेतलं.

मग सगुणा म्हणाली, अख्ख्या मुलखात धूर दिसतोय तो एकाच ठिकाणी. आणि धूर आहे तिथं विस्तव असणारच. तिनं पोरीला पदरात बांधलं, हातात एक खापर घेतलं आणि डोंगराकडं निघाली. ओली बाळंतीण ती, चार पावलं गेली की टेकायची. भीती वाटत नव्हती का? वाटत होती तर! दातखीळ बसायची वेळ आली होती.

चढ लागला तशी मागून हाक आली. सगुणे, सगुणे. हुबेहूब सासूचा आवाज. पण सासू तर घरी उंबऱ्यात बसलेली. चकवा होता तो. त्याला ओ दिली की माणूस वाट चुकतो आणि फिरतच राहतो. सगुणा गप्प चालत राहिली. मग दुसरी हाक आली, नवऱ्याच्या आवाजात. सगुणाचे डोळे भरून आले, पण ओ दिली नाही. मग तिसरी हाक आली. बारीक आवाजात.

"आई."

बकुळ, हात सोड, नखं लागतात मला.

दोन-चार दिवसांची पोर ती, पदरात बांधलेली. ती मागून कशी हाक मारेल? पण आईचा जीव. सगुणाची मान वळायला लागली. मग तिनं पदरातला तो गार तळपाय मुठीत घट्ट धरला. माझी इथं आहे, असं स्वतःलाच सांगितलं आणि चढत राहिली.

माथ्यावर धूर इतका खाली आला होता की हात पोचावा. आत काहीतरी लुकलुकत होतं. हलत होतं. श्वास घेत होतं. सगुणानं विचारलं, "तुमच्याकडं कोण गेलं?"

मग आतून एका बाईचा दमलेला आवाज आला. "गेलं कुणी नाही गं. आलंय."

मग धूर जरा बाजूला झाला. आत शेगडी होती. शेगडीभोवती दुपट्यांत गुंडाळलेल्या इवल्या इवल्या चांदण्या, अजून डोळेसुद्धा न उघडलेल्या. चितेचा धूर नव्हताच तो. बाळंतिणीची धुरी होती. जुन्या चांदण्याही कुठं गेल्या नव्हत्या, धुराआड होत्या. आतली बाई सांगत होती, तुमच्याकडचे दिवे गेले, मला वाटलं तुमच्याकडंच कुणी गेलं. फार भ्याले मी.

मग ती म्हणाली, "सोयराच्या घरचा विस्तव चालेल का तुला?" बाळ झालं की पाळतात ते सोयर, बरं का.

"माझ्याही घरी सोयरच आहे," सगुणा म्हणाली आणि खापर पुढं केलं.

घरी आल्याबरोबर सासूनं शेगडी पेटवली. तळपाय शेकले, पाठ शेकली, छाती शेकली. पोर काही रडेना. सासूनं देवाचं नाव घ्यायला सुरुवात केली. तेवढ्यात धूर बघून शिपाई आले, घागरी घेऊन. सगुणा दारात उभी राहिली. "सोयर आहे. उंबरा ओलांडू नका."

शिपाई थबकले. राजाचा हुकूम मोठा खरा, पण बाळंतिणीच्या खोलीत पाऊल कसं टाकणार? त्यांचा नाईक पुटपुटला की राज्यात तर सुतक आहे. सगुणानं सांगितलं, ते चुकलंय, वरही सोयरच आहे. नाईक काही बोलणार, तोच मागं खोलीत पोर रडली. अशी रडली, अशी रडली की गल्लीतली दारं उघडली. नाईकानं घागर खाली ठेवली आणि डोळे पुसले.

मग घरोघरी चुली पेटल्या. राजा पलंगाखालून निघाला, डोक्याला जळमटं लागलेली. बारशाच्या दिवशी आभाळातला धूर विरला आणि नव्या चांदण्या दिसल्या. जुन्याही होत्या तिथंच होत्या. नखाएवढा धूर मात्र अजून राहिलाय. तुमची मावशी दुर्बिणीतून बघते ना, ती त्याला तेजोमेघ म्हणते. धूळ आणि वायू, म्हणते, आणि त्यातून तारे जन्मतात. मग मी काय वेगळं सांगतेय?

सगुणाचा नवरा परत आला. सगळी सुखानं नांदली. पोरीचं नाव काय ठेवलं? ते कानातच सांगायचं असतं. आण कान इकडं, बकुळ. कुर्रर्र...

झोपली. नान्या, तूही डोळे मीट. नाही मालवत दिवा, राहू दे आज. उगाच वर कुणाला वाटायला नको, आपल्याकडं कुणी गेलं म्हणून.